सर्पगंधा, अल्कलॉइड आणि डॉ. वकील

गेल्या पावसाळ्यात डोंबिवलीचे एक निवृत्त गृहस्थ मुलीबरोबर आमच्या सरकारी रुग्णालयाच्या ओपीडीत आले. रक्तदाबाचे जुने रुग्ण, गोळ्या वेळच्या वेळी घेणारे. या खेपेला नाडी मिनिटाला ४८ भरली. नाक चोंदलेलं होतं, पण सर्दी नव्हती. मुलीची तक्रार वेगळीच होती. बाबा दोन महिन्यांपासून गप्प गप्प असतात, पेपर वाचत नाहीत, संध्याकाळचा कट्टा बंद झालाय, कशातच रस उरला नाही. घरी सगळ्यांनी वयाला दोष देऊन विषय संपवला होता.

अजून काही घेता का, असं मी तिसऱ्यांदा विचारल्यावर मुलीने पिशवीतून चूर्णाची एक पुडी काढली. स्टेशनबाहेर कुणीतरी दिलेली, वर पेनाने ‘सर्पगंधा’ लिहिलेलं. रोज एक चमचा. आमच्या गोळ्या चालूच होत्या आणि त्यावर हे. आजोबांचं म्हणणं सरळ होतं: गोळ्या केमिकलच्या, ही मुळी नैसर्गिक, मग सांगायचं काय? त्यांना हसण्यात अर्थ नाही. मे २०१६ आणि मे २०२४ मध्ये डोंबिवली एमआयडीसीतले स्फोट ज्यांनी घरात बसून ऐकले, त्यांच्या मनात ‘केमिकल’ या शब्दाला जागा कुठली असणार?

पण त्या चमचाभर चूर्णात पन्नासहून जास्त अल्कलॉइड होते. आणि त्यातल्या एकाची गोष्ट आपल्याच मुंबईत, परळच्या केईएममध्ये काम केलेल्या एका डॉक्टरांशी जोडलेली आहे. आजोबांना ती थोडक्यात सांगितली. इथे जरा सविस्तर सांगते.

आधी शब्द. ‘अल्कलॉइड’ ऐकलं की हल्ली लोकांना ‘अल्कलाइन’ पाणी आठवतं, ते बाटलीत महाग मिळतं ते. त्याचा याच्याशी संबंध एवढाच, की दोन्ही शब्दांचं मूळ एक आहे. अरबीत ‘अल-कली’ म्हणजे वनस्पती जाळून केलेली राख. राखेचं पाणी आम्लाला मारतं, हे जुन्या काळापासून माहीत होतं. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला जर्मनीत झर्ट्युर्नर नावाच्या औषध विक्रेत्याने अफूतून मॉर्फिन वेगळं काढलं, तेव्हा सगळे चक्रावले. वनस्पतींमधून तोवर मिळालेले पदार्थ बहुतेक आम्ल असत. हा मात्र राखेच्या पाण्यासारखा वागत होता, आम्लाशी मिळून क्षार तयार करत होता. असे आणखी पदार्थ सापडू लागले, तसं १८१९ साली माइसनर या दुसऱ्या जर्मन औषध विक्रेत्याने त्यांना नाव दिलं: अल्कलॉइड, म्हणजे अल्कलीसारखा.

मराठीत इथे एक गोची आहे. शाळेच्या पुस्तकात अ‍ॅसिडला आम्ल, बेसला आम्लारी आणि सॉल्टला क्षार म्हणतात. आयुर्वेदात मात्र क्षार म्हणजे जवळजवळ उलट, राखेतून काढलेला दाहक पदार्थ, म्हणजेच अल्कली. त्यामुळे अल्कलॉइडला ‘क्षार’ जोडून मराठी शब्द करायला गेलं, की अर्धे वाचक मीठ समजतात. म्हणून अल्कलॉइडच बरा.

आजच्या अर्थाने अल्कलॉइड म्हणजे सजीवांमध्ये, मुख्यतः वनस्पतींमध्ये तयार होणारा नायट्रोजनयुक्त सेंद्रिय पदार्थ. हा नायट्रोजन बहुतेक वेळा अणूंच्या कड्यात गुंफलेला असतो आणि त्याच्यामुळेच पदार्थाला आम्लारीचा गुण येतो. चव बहुधा कडू. आणि अगदी थोड्या मात्रेत शरीरावर ठळक परिणाम. चहा-कॉफीतलं कॅफीन, तंबाखूतलं निकोटिन, मिरीतलं पिपरिन, सिंकोनाच्या सालीतलं क्विनीन, सदाफुलीतलं व्हिंक्रिस्टिन ही सगळी या घरातली. इंग्रजीत या नावांच्या शेवटी एक ई असतो, इन्सुलिन किंवा अ‍ॅस्पिरिनच्या शेवटी तो नसतो. देवनागरीत लिहिताना तो ई गळतो आणि सगळी नावं भावंडं वाटू लागतात. तशी ती नाहीत. इन्सुलिन, पेनिसिलिन, अ‍ॅस्पिरिन हे अल्कलॉइड नव्हेत.

आमच्याकडे मुरबाड-शहापूर भागातून कीटकनाशक प्यायलेले रुग्ण येतात. त्यांना आम्ही अ‍ॅट्रोपिन देतो, रात्रभर, बाहुल्या आणि नाडी बघत. धोतऱ्याचं बी खाऊन भ्रमिष्ट झालेला रुग्ण आला, तर त्याच्या अंगात तेच अ‍ॅट्रोपिन आणि त्याची भावंडं असतात. पदार्थ एक. एकाला तारतो, दुसऱ्याला मारू शकतो. फरक किती गेलं याचा.

आता डॉ. रुस्तम जाल वकील.

मुंबईच्या पारशी समाजातला जन्म, साल १९११. वैद्यकाचं शिक्षण लंडनला झालं आणि १९३०च्या दशकाच्या उत्तरार्धात ते मुंबईला परतले, ते हृदयविकाराचे डॉक्टर म्हणून. त्या काळी आपल्याकडे हृदयरोगतज्ज्ञ हा प्रकार जवळजवळ नव्हताच. पुढे त्यांना भारतातल्या आधुनिक हृदयरोगशास्त्राचे जनक म्हटलं गेलं. परळचं केईएम रुग्णालय ही त्यांची कर्मभूमी.

त्या वेळी वाढलेल्या रक्तदाबावर डॉक्टरांच्या हातात काय होतं, तर जवळपास काही नाही. विश्रांती, मीठ बंद, झोपेची औषधं. अमेरिकेत काही जणांना नुसता भात आणि फळं यांवर ठेवत, काहींच्या पाठीच्या कण्याजवळच्या नसा शस्त्रक्रियेने कापत. मुळात तो कमी करावा की नाही, यावरच वाद होता. कारण समजत नसलेल्या उच्च रक्तदाबाला आजही ‘इसेन्शियल’ हायपरटेन्शन म्हणतात. या शब्दाने फार नुकसान केलं. शरीराला तेवढ्या दाबाची गरज आहे, तो उतरवला तर मेंदूला रक्त पोचणार नाही, असं अनेक मोठे डॉक्टर मानत. एप्रिल १९४५ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष रूझवेल्ट मेंदूतल्या रक्तस्रावाने गेले, त्या दिवशी त्यांचा रक्तदाब ३००/१९० नोंदला गेला. जगातल्या सर्वांत बलाढ्य माणसालाही द्यायला औषध नव्हतं.

आपल्याकडे मात्र एक मुळी होती. सर्पगंधा. सापाच्या विषावर, तापावर, झोप येण्यासाठी ती पिढ्यान् पिढ्या वापरात होती. बिहारमध्ये तर वेड लागलेल्यांचं औषध अशीच तिची ओळख. युरोपियनांनी तिला ‘राउवोल्फिया सर्पेन्टिना’ नाव दिलं ते सोळाव्या शतकातल्या राउवोल्फ या जर्मन डॉक्टर-वनस्पतीतज्ज्ञावरून, ज्याचा पाय भारताला कधी लागलाच नाही. असो. १९३१ साली दिल्लीत सलीमुज्जमान सिद्दीकी आणि त्यांच्या सहकाऱ्याने या मुळीतून पाच अल्कलॉइड वेगळे काढले. त्यातल्या एकाला हकीम अजमल खान यांच्या नावावरून अजमलिन नाव दिलं. त्याच वर्षी कलकत्त्यात गणनाथ सेन आणि कार्तिकचंद्र बोस यांनी ही मुळी वेडावर आणि रक्तदाबावर गुणकारी असल्याचं लिहिलं. १९३४ मध्ये हिमालया ड्रग कंपनीने ‘सर्पिना’ नावाने तिच्या गोळ्या आणल्या.

म्हणजे वकिलांनी सर्पगंधा शोधली नाही. ती गुणकारी असल्याचं पहिल्यांदा सांगितलं, असंही नाही. आपल्याकडच्या लेखांत त्यांना बरेचदा तसं श्रेय दिलं जातं, ते चुकीचं आहे आणि त्यांच्या खऱ्या कामावर अन्याय करणारं आहे.

त्यांनी केलं ते असं. सुमारे दहा वर्षं हे औषध आपल्या रुग्णांना देऊन पाहिलं आणि नोंदी ठेवल्या. मग ५० रुग्ण निवडले, ज्यांचा रक्तदाब १६०/९५च्या वर होता. सगळ्यांना मुळीच्या गोळ्या दिल्या आणि वरचा आकडा, खालचा आकडा, दोन्ही लिहून काढले. औषध चालू असताना आणि बंद केल्यानंतरही. बहुसंख्य रुग्णांचा दाब उतरला होता, पण एकदम नाही, हळूहळू, आठवड्यांच्या अंतराने. आणि औषध थांबवल्यावरही परिणाम काही काळ टिकत होता. कुणाचा जास्त उतरला, कुणाचा नावापुरता, तेही त्यांनी मांडलं. हा निबंध ऑक्टोबर १९४९ मध्ये ‘ब्रिटिश हार्ट जर्नल’मध्ये छापून आला.

आजच्या कसोटीला हा अभ्यास उतरणार नाही. चिठ्ठ्या टाकून रुग्णांचे दोन गट पाडलेले नव्हते. पण अशा चाचणीचं पहिलं मोठं उदाहरण, क्षयावरच्या स्ट्रेप्टोमायसिनचं, ब्रिटनमध्ये जेमतेम वर्षभरापूर्वी प्रसिद्ध झालं होतं. परळच्या ओपीडीत तेव्हा काय गर्दी असेल, याची कल्पना सरकारी रुग्णालयात काम करणाऱ्याला करता येते. त्या गर्दीत तेच ५० रुग्ण पुन्हा पुन्हा बोलवायचे, त्यांनी यायचं, आणि प्रत्येक वेळी पट्टा बांधून तोच आकडा काळजीपूर्वक वाचायचा. मला विचाराल, तर लंडनच्या पदवीपेक्षा हे अवघड आहे.

आकडे होते म्हणून जगाने वाचलं. बोस्टनमध्ये रॉबर्ट विल्किन्स नावाचे डॉक्टर रक्तदाबावर काम करत होते. वकिलांचा निबंध वाचून त्यांनी भारतातून औषध मागवलं आणि १९५० मध्ये आपल्या रुग्णांवर वापरायला सुरुवात केली. गुण आला. शिवाय रुग्ण शांत होत होते, पण झापड येत नव्हती, हे त्यांच्या लक्षात आलं. तिकडे स्वित्झर्लंडमध्ये बाझल शहरात सीबा कंपनीचे रसायनतज्ज्ञ मुळीतला नेमका पदार्थ शोधत होते.

इथे शब्दाचा मजेशीर भाग येतो. अल्कलॉइड म्हणजे अल्कलीसारखा, म्हणून ते वेगळे काढायची रीतही ठरलेली: आम्लात विरघळवायचे, मग अल्कली घालून बाहेर काढायचे. दिल्लीत सापडलेले पाच जण याच वाटेने आले होते. ते स्फटिकरूपात सुंदर दिसत, पण रक्तदाब मुळीइतका उतरवत नव्हते. खरा गुणकारी पदार्थ उरलेल्या चिकट, राळेसारख्या गाळात लपला होता. तो इतका दुबळा आम्लारी होता, की नेहमीच्या रीतीला सापडतच नव्हता. सीबाच्या म्यूलर, श्लिटलर आणि बाइन यांनी १९५२ मध्ये तो काढला. सर्पेन्टिनावरून त्याचं नाव पडलं रिसर्पिन. जेमतेम अल्कलीसारखा असूनही तो अल्कलॉइडच म्हणवला जातो, कारण त्याच्या कड्यांत नायट्रोजन आहे आणि तो वनस्पतीने घडवला आहे. संधिवाताच्या एका प्रकारावर, गाउटवर, आम्ही देतो ते कोल्चिसिनही तसंच, नावापुरतं अल्कलीचं. शब्द १८१९चा आहे, पदार्थ त्याला जुमानत नाहीत. रिसर्पिनचा रेणू इतका गुंतागुंतीचा, की १९५६ मध्ये वुडवर्ड यांनी तो प्रयोगशाळेत घडवला, तेव्हा रसायनशास्त्रात ती मोठी कामगिरी ठरली.

रिसर्पिन करतं काय? आपल्या नसांच्या टोकांशी बारीक पिशव्या असतात आणि त्यांत नॉरअ‍ॅड्रेनॅलिनसारखे संदेशवाहक पदार्थ साठवलेले असतात. नस चेतली की पिशवी फुटते, रक्तवाहिनी आवळते, हृदय जोरात धडधडतं. रिसर्पिन या पिशव्या पुन्हा भरूच देत नाही. साठा हळूहळू रिकामा होतो, म्हणून परिणाम यायला वेळ लागतो. आणि पिशव्या पुन्हा भरायलाही वेळ लागतो, म्हणून औषध थांबवल्यावर परिणाम रेंगाळतो. वकिलांच्या वहीत हे दोन्ही आधीच नोंदलेलं होतं, कारण कळायच्या कितीतरी आधी.

पिशव्या फक्त रक्तवाहिन्यांशी नसतात. नाकातल्या रक्तवाहिन्या सैलावतात आणि नाक चोंदतं. हृदयाचे ठोके मंदावतात. मेंदूतही सेरोटोनिन आणि डोपामिनचा साठा आटतो. १९५०च्या दशकात रिसर्पिन घेणाऱ्या काही रुग्णांना खोल उदासीनता येते, असं दिसू लागलं. उदासीनतेमागे मेंदूतल्या या पदार्थांची कमतरता असावी, या विचाराला त्यातून बळ मिळालं. स्वीडनच्या आर्विड कार्लसन यांनी रिसर्पिन देऊन निपचित केलेल्या प्राण्यांना डोपामिनचा कच्चा माल दिला, तेव्हा ते पुन्हा हालचाल करू लागले. पार्किन्सनच्या आजाराचं आजचं औषध त्या वाटेने आलं. कार्लसन यांना २००० साली नोबेल मिळालं.

मानसिक आजारांतही रिसर्पिन वापरलं गेलं. पुढे अधिक चांगली औषधं आली आणि तो वापर मागे पडला. १९५७ साली अमेरिकेचा लास्कर पुरस्कार वकिलांना मिळाला, हा मान मिळवणारे ते पहिले भारतीय. विल्किन्स यांना तोच पुरस्कार त्यानंतर एका वर्षाने मिळाला. ज्याने आधी लिहिलं त्याला आधी, असं दर वेळी होत नाही. १९५८ मध्ये वकिलांना पद्मभूषण मिळालं, १९६५ मध्ये भटनागर पुरस्कार.

रक्तदाब उतरवल्याने माणसं वाचतात का, याचं पक्कं उत्तर १९६७ मध्ये अमेरिकेतल्या निवृत्त सैनिकांच्या रुग्णालयांतून आलं. ज्यांचा खालचा आकडा ११५ ते १२९ होता असे १४३ पुरुष. ७० जणांना खोट्या गोळ्या, ७३ जणांना तीन औषधं एकत्र, त्यातलं एक रिसर्पिन. खोट्या गोळ्यांच्या गटात २७ जणांना गंभीर दुखणं किंवा मृत्यू आला, औषधांच्या गटात दोघांना. ‘इसेन्शियल’ शब्दाचा वाद तिथे मिटला.

आमच्या पिढीने वकील पाहिले नाहीत, पण त्यांच्याकडून शिकलो. भारतीय डॉक्टरांनी भारतीय रुग्ण समोर ठेवून लिहिलेलं एपीआयचं मेडिसिनचं जाडजूड पाठ्यपुस्तक १९६९ मध्ये पहिल्यांदा निघालं, त्याचे संपादक वकील. डॉ. अस्पी गोलवाला यांच्याबरोबर त्यांनी रुग्ण कसा तपासावा याचं पुस्तक लिहिलं. आमच्या हॉस्टेलमध्ये त्याची झिजलेली प्रत वरच्या वर्षाकडून खालच्या वर्षाकडे जायची. आणि घरी आजोबांच्या उशाशी ‘अ‍ॅडेलफेन’ची पट्टी असायची. ज्यांच्या घरात त्या काळी रक्तदाबाचा रुग्ण होता, त्यांना हे नाव आठवत असेल. स्वस्त गोळी, त्यात रिसर्पिन. सर्पगंधेचा हा अंश कित्येक मराठी घरांनी नाव न कळता वर्षानुवर्षं खाल्ला.

सप्टेंबर १९७४ मध्ये ‘लॅन्सेट’ या नियतकालिकाच्या एकाच अंकात बोस्टन, ब्रिस्टल आणि हेलसिंकी इथले तीन निबंध आले. सर्पगंधेची औषधं घेणाऱ्या स्त्रियांत स्तनाचा कर्करोग जास्त आढळतो, असा त्यांचा निष्कर्ष होता. जगभर घबराट झाली, डॉक्टरांनी गोळ्या बदलल्या. नंतरच्या अभ्यासांत हा निष्कर्ष टिकला नाही, तुलनेसाठी रुग्ण निवडतानाच चूक झाली होती. पण गेलेला विश्वास पुरता परत आला नाही. त्याच वर्षी २० नोव्हेंबरला डॉ. वकील गेले. वय ६३.

नंतर अधिक चांगल्या गोळ्या आल्या. आमच्या औषधखिडकीत आता अ‍ॅम्लोडिपिन आणि टेल्मिसार्टन असतं. रिसर्पिन नसतं, आणि मला त्याची उणीव भासत नाही.

आता पुडीकडे. रिसर्पिनची रोजची मात्रा ०.१ ते ०.२५ मिलिग्रॅम, म्हणजे मिठाच्या कणाएवढी. मुळीत ते किती असेल, हे झाड कुठलं, किती वर्षांचं, कोणत्या ऋतूत उपटलं यावर ठरतं. वकिलांच्या रुग्णांना मापून केलेली गोळी मिळत होती. आजोबांना चमचा. तोही सपाट की शिगोशीग, हे घरात कोण वाढतं त्यावर. जाणकार वैद्य सर्पगंधा देतात तेव्हा मात्रा ठरवून देतात आणि नाडी बघतात. त्यांच्याबद्दल माझी तक्रार नाही. पण आमची नाडी मंद करणारी गोळी चालू असताना त्यावर हे चूर्ण म्हणजे एकाच दोरीला दोन बाजूंनी ओढण्यासारखं होतं.

चूर्ण बंद केलं, आमची एक गोळीही काही दिवस कमी केली. ईसीजी काढला, दर आठवड्याला बोलावलं. मुलीला सांगून ठेवलं की उदासी लगेच जाणार नाही, पिशव्या भरायला वेळ लागेल, आणि मन फारच खचलंय असं वाटलं तर त्याच दिवशी घेऊन यायचं. तिसऱ्या आठवड्यात नाडी ६६ होती. पाचव्या आठवड्यात आजोबा एकटेच आले, रांगेत पेपर वाचत बसले होते. उरलेली पुडी त्यांनी माझ्या टेबलावर ठेवली आणि तो मुंबईचा डॉक्टर केईएममध्ये कुठल्या वॉर्डात बसायचा, असं विचारलं.